माहिती वाचायला, माहिती लिहायला: वर्गाला निबंधाच्या सवयीतून बाहेर कसं काढायचं

पाचवीच्या वर्गाला एकदा मी ‘आपली खाडी’ हा विषय दिला आणि दोन दिवसांनी ४१ वह्या तपासायला घेतल्या. पहिल्या वहीत होतं, “खाडी ही निसर्गाची अनमोल देणगी आहे.” दुसऱ्या वहीतही तेच. सातव्या वहीपर्यंत पुढचं वाक्य मला पाठ झालं होतं. शाळेच्या गच्चीवरून खाडी दिसते, ओहोटीला चिखलाचा वास थेट वर्गात येतो, निम्म्या घरांत खाडीची मासळी शिजते. तरी एकाही वहीत चिखल नव्हता, मासळी नव्हती. चूक माझी होती. विषय फळ्यावर लिहून मी “उद्या लिहून आणा” म्हटलं होतं. मुलांनी निबंध आणला, कारण लिहिणं म्हणजे निबंध हेच आपण त्यांना शिकवलेलं असतं.

माहितीपर लेखनात प्रत्यक्ष लिहिणं सहाव्या टप्प्यावर येतं. बहुतेक वर्गांत ते पहिल्या टप्प्यावर येतं आणि सगळा घोळ तिथूनच सुरू होतो. खाली दिलेला क्रम चौथी ते सहावीसाठी आहे. ३५ मिनिटांचे साधारण १४ तास लागतात, म्हणजे मराठी आणि परिसर अभ्यास यांचे मिळून तीन आठवडे. टप्पा लांबला तरी चालेल, पण गाळू नका; वेळ अगदीच कमी असेल तर काय कापायचं ते शेवटी सांगितलं आहे.

## आधीची तयारी

विषय. विषय निवडताना मी तीन गोष्टी बघते. मुलाला तो स्वतःच्या डोळ्यांनी बघता येईल का? त्याबद्दल विचारायला एखादं माणूस चालत जाण्याच्या अंतरावर आहे का? आणि मुलांना झेपेल असा छापील मजकूर निदान दोन ठिकाणी मिळेल का? तिन्हीचं उत्तर ‘हो’ असेल तरच विषय घ्यायचा. ‘प्रदूषण’, ‘वृक्षसंवर्धन’, ‘मोबाइल: शाप की वरदान’ हे इथेच गळतात. ‘आमच्या इमारतीत पाणी कुठून येतं’, ‘निवटी’ (खाडीच्या चिखलात राहणारा मासा), ‘तलावपाळीवर संध्याकाळी काय काय विकायला येतं’, ‘वाशीच्या बाजारातला कांदा’ हे टिकतात. आमच्या ठाणे-नवी मुंबई भागात ऐरोली-घणसोलीला खाडी आहे, ठाण्यात तलाव आणि येऊरचं जंगल आहे, बेलापूरला पारसिकचा डोंगर आहे. विषयासाठी बस करावी लागत नाही.

वर्गाला मोठा विषय एकच द्या आणि त्यातला पोटविषय मुलांना निवडू द्या. ४० मुलांचे ४० वेगळे विषय झाले की संदर्भ पुरत नाहीत, आणि एकमेकांचं लेखन तपासायला जाणकारही उरत नाही.

खोका. बुटांचा एक रिकामा खोका घ्या. त्यात विषयावरचे पाच-सहा मजकूर ठेवा, आणि ते एकाच पातळीचे नकोत. परिसर अभ्यासातलं पान, ‘किशोर’चा एखादा अंक, वर्तमानपत्राचं कात्रण, मराठी विश्वकोशातली नोंद. विश्वकोशाची भाषा पाचवीला जड जाते. म्हणून मूळ नोंद तशीच ठेवून तिच्यातली दहा ओळींची माहिती मी सोप्या मराठीत हाताने लिहून तिच्या मागे टाचते. यात अर्धा तास जातो, पण तोच अर्धा तास पुढचा आठवडा वाचवतो.

कार्डं. वही नको, सुटी कार्डं हवीत. लग्नाच्या जुन्या पत्रिकांची कोरी बाजू यासाठी उत्तम. लग्नसराईनंतर मुलांना सांगितलं की आठवड्यात ढीग जमतो.

बघायला जाण्याची वेळ. खाडी हा विषय असेल तर ओहोटी साधावी लागते, नाहीतर मुलांना नुसतं गढूळ पाणी दिसतं. कोळीवाड्यातला जुना हिशेब सोपा आहे: तिथीची पाऊणपट केली की भरतीची अंदाजे वेळ मिळते. अष्टमीला आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमारास भरती, आणि त्यानंतर साधारण सव्वासहा तासांनी, दुपारी बाराच्या पुढे, ओहोटी. खाडीत आतवर वेळ थोडी पुढे सरकते. सकाळच्या शाळेला षष्ठी-सप्तमी सोयीची, दुपारच्या शाळेला अष्टमी-नवमी. हा हिशेब मुलांकडूनच करून घ्या, कॅलेंडर वर्गात असतंच.

*इशारा:* चिखलात एकाही मुलाने पाय ठेवायचा नाही. रस्त्यावरून किंवा कठड्यामागूनच बघायचं. पालकांची लेखी संमती आणि मुख्याध्यापकांची परवानगी हातात आल्याशिवाय मुलांना तारीख सांगू नका. एकदा सांगून रद्द केली की पुढचे तीन दिवस वर्ग ताब्यात राहत नाही.

## टप्पा १: रोजचे कागद वाचणे (२ तास)

पुस्तकाने सुरुवात करू नका. वीजबिल, औषधाची पट्टी, बिस्किटाचा पुडा, रेल्वेचं तिकीट, पाणीकपातीची सूचना असे कागद गटागटात वाटा. बिलावरचा ग्राहक क्रमांक, नाव, पत्ता आधी काळ्या पेनाने खोडा.

प्रश्न एकच: “हा कागद हातात आला की मोठी माणसं आधी कुठे बघतात?” बिलाचं उत्तर सगळ्यांना येतं: किती आलं आणि शेवटची तारीख काय. म्हणजे वरून खालपर्यंत सगळं कुणीच वाचत नाही. ज्या कामासाठी कागद हातात घेतला, त्याच ठिकाणी नजर जाते. कथा आणि माहिती यांच्यातला हा फरक मुलांना इथे बोटावर कळतो. मग फळ्यावर यादी करा. ठळक अक्षर कुठे आहे? चौकट कुठे? आकडे कुठे? बारीक अक्षरात काय आहे, आणि ते बारीक का?

त्यानंतरच परिसर अभ्यासाचं पुस्तक उघडायला लावा आणि तेच शोधायला सांगा: अनुक्रमणिका, उपशीर्षक, चित्राखालची ओळ, नकाशाची सूची. पाचवीतल्या मुलांनी चित्राखालची ओळ कधी वाचलेलीच नसते, हे मला दरवर्षी नव्याने कळतं.

*नेहमीची चूक:* धडा एकेकाला उभं करून मोठ्याने वाचायला लावणं. त्यात उच्चार तपासले जातात आणि आकलन तसंच राहतं. माहितीचा मजकूर आधी मनात, बोट फिरवत वाचू द्या.

*तपासा:* अनोळखी धड्याचं पान क्रमांक न सांगता “ओहोटीबद्दल कुठे लिहिलंय?” असं विचारा. दोन मिनिटांत बहुतेकांनी पान काढलं तर पुढे जा. पानं पहिल्यापासून उलटली जात असतील तर अनुक्रमणिकेवर अजून एक तास घालवा.

## टप्पा २: प्रश्न (२ तास, बघायला जाणं धरून)

वाचायच्या आधी मुलांकडे प्रश्न हवा. फळ्यावर तीन रकाने आखा: ‘मला माहीत आहे’, ‘मला असं वाटतं’, ‘मला विचारायचंय’. मधला रकाना सहसा आखला जात नाही आणि तिथेच फसगत होते. मुलांना जे नुसतं वाटतं तेही ती ‘माहीत आहे’मध्ये घालतात आणि पुढे खुशाल लेखात उतरवतात. माझ्या वर्गात “फ्लेमिंगो गुलाबी पाणी पितो म्हणून गुलाबी होतो” हे पहिल्या रकान्यात आलं होतं. “कुणी बघितलंय गुलाबी पाणी?” विचारल्यावर ते निमूटपणे दुसऱ्यात गेलं. नंतर वाचताना त्या मुलालाच सापडलं की रंग त्याच्या खाण्यातून येतो आणि पिल्लं राखाडी असतात. स्वतःचंच वाक्य खोडताना त्याचा चेहरा बघण्यासारखा होता. (मराठीत या पक्ष्याला रोहित म्हणतात हे एकदा सांगून टाका. प्रत्येक वर्गात एक रोहित असतोच, पाच मिनिटं हसण्यात जातील, ती जाऊ द्या.)

मग बघायला जा. प्रत्येकाने कार्डावर पाच गोष्टी टिपायच्या, फक्त दिसलेल्या, ऐकलेल्या, वास आलेल्या. ‘सुंदर’, ‘रम्य’, ‘मनमोहक’ या शब्दांना त्या दिवशी बंदी. आल्यावर त्या पाचांतून प्रश्न तयार करायचे.

प्रश्नाचीही गाळणी लागते. “निवटी मासा आहे का?” याचं उत्तर एका अक्षरात संपतं. “निवटी पाण्याबाहेर मरत कशी नाही?” यावर पान भरतं. ‘कसं’ आणि ‘का’ने विचारलेला निदान एक प्रश्न प्रत्येकाकडे असल्याशिवाय खोका उघडू नका.

## टप्पा ३: प्रश्न घेऊन वाचणे (३ तास)

एक मजकूर तीनदा वाचायचा, तिन्ही वेळा वेगळ्या कामासाठी. पहिल्यांदा फक्त शीर्षक, उपशीर्षकं, चित्रं आणि त्यांच्याखालच्या ओळी. पुस्तक मिटून विचारा, “आत काय असेल?” दुसऱ्यांदा आपल्या प्रश्नाचं उत्तर शोधत. बाकीचं सुटलं तरी चालेल. तिसऱ्यांदा अडलेल्या शब्दांसाठी.

पहिला मजकूर तुम्ही स्वतः, मोठ्याने विचार करत वाचून दाखवा. “इथे ‘मात्र’ आलंय, म्हणजे आता आधीच्यापेक्षा वेगळं काहीतरी येणार.” “इथे ‘त्यामुळे’ आहे, मग कारण आधीच्या वाक्यात असेल, मागे जाऊन बघते.” अडखळा, मागे जा, परत वाचा. बाईंनाही परत वाचावं लागतं हे मुलांना दिसू द्या.

मराठी मजकुरात मुलं दोन ठिकाणी हमखास अडतात.

पहिलं म्हणजे जोडून आलेले शब्द. “तिवराला श्वसनमुळे असतात” हे वाक्य एका मुलीने चारदा वाचलं आणि विचारलं, “बाई, श्वसनामुळे काय असतं?” तिने ‘मुळे’ हे कारण सांगणारं ‘मुळे’ धरलं होतं. फळ्यावर ‘श्वसन’ आणि ‘मुळे’ वेगळं लिहिलं, चिखलातून पेन्सिलीसारखी वर आलेली ती मुळं तिने परवाच पाहिली होती, तेव्हा कुठे गाठ सुटली. खारफुटी, पाणथळ, भरतीरेषा असे शब्द आधी फोडून, चित्र काढून मग वाचायला द्या. शब्दार्थांची यादी पाठ करायला देऊन हे काम होत नाही.

दुसरं म्हणजे वाक्याच्या शेवटचं क्रियापद. ‘असते’, ‘आढळते’, ‘मानले जाते’, ‘असे म्हणतात’ यांत खात्री पायरीपायरीने कमी होत जाते. मुलांना ती चारही सारखीच वाटतात. मग ‘असे म्हणतात’ वाचून ती ‘आहे’ लिहितात. चार वाक्यं फळ्यावर लिहा आणि विचारा, “कोणत्या वाक्यावर पैज लावाल?” हा खेळ दहा मिनिटांचा, पण तो सातव्या टप्प्यात उपयोगी पडतो.

*इशारा:* या टप्प्यात मोबाइलवर शोधायला सांगू नका. पहिल्या दोन ओळी उतरवल्या जातात आणि वाचन तिथेच थांबतं. खोक्यातलं सगळं वाचून झाल्यावर एखादा प्रश्न उरला तर तुमच्यासमोर, तुमच्या मोबाइलवर, एकदाच.

## टप्पा ४: टिपणं (२ तास)

नक्कल थांबते ती इथे. नियम तीन, आणि ते भिंतीवर लावा.

१. वाचताना पेन खाली. पेन हातात घेतलं की पुस्तक बंद.

२. एका कार्डावर एकच गोष्ट, जास्तीत जास्त सहा शब्द, क्रियापद नको.

३. कार्डाच्या मागे ही गोष्ट कुठून कळली त्याची खूण: ‘पु’ म्हणजे पुस्तक (पान क्रमांकासह), ‘डो’ म्हणजे स्वतःच्या डोळ्यांनी, ‘मा’ म्हणजे माणसाने सांगितलं.

क्रियापद नको या नियमावर मुलं कुरकुरतात, पण सगळी जादू त्याच्यातच आहे. पुस्तकातलं वाक्य असं: “पाण्याबाहेर असताना निवटी ओलसर त्वचेतूनही श्वास घेते.” कार्डावर येतं: “श्वास – ओली कातडी – पाण्याबाहेर”. तीन दिवसांनी या कार्डावरून वाक्य करायचं तर मुलाला स्वतःचंच करावं लागतं, कारण पुस्तकातलं त्याच्याकडे उरलेलंच नसतं.

माणसाला विचारण्याचाही सराव लागतो. मासळी विकणाऱ्या मावशी, इमारतीचा पंप चालवणारे काका, घरातले आजोबा यांच्यासाठी तीन प्रश्न आधी वर्गात बोलून बघा. मुलं थेट “निवटीबद्दल माहिती सांगा” म्हणतात आणि समोरचं माणूस गप्प होतं. “मावशी, निवटी कोणत्या वेळी मिळते? कशी धरतात? सगळ्यात कठीण काय?” असं विचारलं की ती थांबत नाहीत. गिऱ्हाइकांच्या वेळेत जायचं नाही. त्यांनी वापरलेला शब्द जसाच्या तसा टिपायचा, त्याचं पुस्तकी मराठी करायचं नाही.

*तपासा:* कुठलंही एक कार्ड उचला, मुलाला दाखवा आणि पूर्ण वाक्य बोलायला सांगा. बोलता आलं तर टिपण पक्कं. कार्डच परत वाचून दाखवलं तर ती गोष्ट अजून कळलेली नाही, खोक्याकडे परत पाठवा.

## टप्पा ५: ढीग आणि बोलणं (१ तास)

बाकं सरकवून जमिनीवर बसा. प्रत्येकाने आपली कार्डं पसरायची आणि एकमेकांच्या जवळची एकत्र ठेवायची. ढिगाला नाव द्यायचं. ते नाव म्हणजे उपशीर्षक.

इथे शिक्षकांचा हात शिवशिवतो. ‘प्रस्तावना, फायदे, तोटे, उपसंहार’ असे मथळे फळ्यावर लिहून द्यावेसे वाटतात. लिहू नका. निवटीचे फायदे-तोटे काय लिहिणार ते पोर? माझ्या वर्गात आलेली नावं अशी होती: ‘चालते कशी’, ‘बिळात काय करते’, ‘कोण खातं तिला’. याहून चांगली उपशीर्षकं मला सुचली नसती.

एकच कार्ड असलेला ढीग टिकत नाही. त्यासाठी आणखी शोधा किंवा ते कार्ड बाजूला ठेवा. बाजूला ठेवणं मुलांना जड जातं, मेहनतीने मिळवलेलं असतं ना. म्हणून त्यांच्यासाठी ‘उरलेली’ असं लिहिलेलं पाकीट आधीच तयार ठेवते.

मग जोडीदाराला एकेक ढीग बोलून दाखवायचा. जोडीदाराने मध्ये फक्त “म्हणजे?” एवढंच विचारायचं. ज्यांच्या घरी मराठी बोलत नाहीत, आणि आपल्याकडे दिघा-ऐरोलीपासून मुंब्र्यापर्यंत अशी मुलं प्रत्येक वर्गात असतात, त्यांना टिपणं आणि हे बोलणं घरच्या भाषेत करू द्या. मुद्दा डोक्यात पक्का असला की मराठी वाक्य जमवणं सोपं जातं. दोन्ही ओझी एकदम दिली की मूल पुन्हा नकलेकडे वळतं.

## टप्पा ६: पहिला कच्चा लेख (२ तास)

सुरुवातीपासून सुरू करू नका. ज्या ढिगाबद्दल सर्वांत जास्त बोलता आलं, तो ढीग आधी लिहा. पहिला परिच्छेद सगळ्यात शेवटी. “सुरुवात कशी करू, बाई?” म्हणत पेन चावणारी मुलं यानेच सुटतात.

एक ओळ सोडून लिहायला सांगा, दुरुस्तीला जागा राहते. शुद्धलेखन विचारलं तर “आत्ता नको, जसं वाटतं तसं लिही” एवढंच सांगा. लाल पेन घरी ठेवून या.

एका मुलाचा पहिला मसुदा हा:

“निवटी हा एक मासा आहे. तो चिखलात राहतो. तो खूप छान दिसतो. तो चालतो. निवटी आपल्या खाडीची शान आहे. आपण तिचे रक्षण केले पाहिजे. म्हणूनच मला निवटी खूप आवडते.”

कार्डं समोर असूनही जुनी सवय अशी उफाळून येते. मी काहीही खोडलं नाही. तीनच प्रश्न विचारले. “‘चालतो’ म्हणजे कसा, पाय आहेत का?” “छान म्हणजे काय दिसलं?” “हे ‘रक्षण’चं कार्ड दाखव.” शेवटच्यावर तो बराच वेळ कार्डं चाळत बसला आणि हसला. दुसरा मसुदा:

“ओहोटी लागली की निवटी बिळातून बाहेर येते. तिला पाय नाहीत. पुढचे दोन पर टेकवून ती चिखलावर पुढे सरकते आणि मधेच उडी मारते. तिचे डोळे डोक्याच्या वर आहेत, बेडकासारखे. पाण्याबाहेर ती ओल्या कातडीतून श्वास घेते, म्हणून ती अंग सुकू देत नाही. आई म्हणते, निवटी धरायला बिळात हात घालतात.”

‘आई म्हणते’ हे त्याने स्वतः घातलं, कारण कार्डामागे ‘मा’ होतं.

या टप्प्यावर आणखी दोन गोष्टी. तुलना करायची असेल, उदाहरणार्थ मोठा रोहित आणि छोटा रोहित, तर परिच्छेदाऐवजी तक्ता करू द्या: उंची, चोचीचा रंग, पायांचा रंग. आणि चित्र मागायचं ते सजावटीला नव्हे. बाण काढून नावं दिलेलं, खाली एक पूर्ण वाक्य लिहिलेलं चित्रच धरायचं. कडेला फुलं आणि सूर्योदय नको.

*नेहमीची चूक:* “आपण रक्षण केले पाहिजे” छापाचा शेवट आपणच मागतो. परीक्षेत त्याला गुण देतो, म्हणून मुलं तो लिहितात. लेख शेवटच्या माहितीवर संपला तरी चालतो हे स्पष्ट सांगा, आणि त्याचे गुण कापू नका.

## टप्पा ७: तीन वेगळ्या तपासण्या (२ तास)

माहिती, क्रम आणि शुद्धलेखन एकदम तपासायला घेतलं की फक्त शुद्धलेखन तपासलं जातं. म्हणून तीन फेऱ्या, तीन रंगांच्या पेन्सिली.

पहिली फेरी: माहिती. प्रत्येक वाक्यावर बोट ठेवायचं आणि त्याचं कार्ड दाखवायचं. कार्ड नसेल तर वाक्य काढा किंवा ‘मला वाटतं’ जोडा.

आकड्यांवर इथे मुद्दाम थांबा. ठाण्याच्या मुलांना पहिली रेल्वे ओळखीची असते: १६ एप्रिल १८५३, बोरीबंदर ते ठाणे, सुमारे ३४ किलोमीटर. हे सगळीकडे सारखं सापडतं. पण गाडीला पोहोचायला किती वेळ लागला? कुठे ५७ मिनिटं छापलेलं असतं, कुठे सव्वा तास. अशा वेळी काय लिहायचं ते मुलांना ठरवू द्या. माझ्या वर्गाने “सुमारे एक तास” असं ठरवलं होतं, आणि एकाने “पुस्तकांत वेगवेगळं दिलंय” असं प्रामाणिकपणे लिहिलं. मला दुसरं जास्त आवडलं.

खाडीचं उदाहरण याहून मजेचं आहे. एका गटाला क्षेत्रफळ सुमारे १७ चौरस किलोमीटर सापडलं, दुसऱ्याला ६५. भांडण जुंपलं. दोन्ही बरोबर आहेत: ठाणे खाडी फ्लेमिंगो अभयारण्य २०१५ साली जाहीर झालं ते सुमारे १७ चौरस किलोमीटरचं, आणि २०२२ साली रामसर यादीत (आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत) जी जागा आली तिच्यात भोवतालचा संवेदनशील पट्टाही धरलेला आहे. “आकडा कशाचा आहे?” हा प्रश्न त्यानंतर मला विचारावा लागला नाही, मुलंच एकमेकांना विचारायला लागली. ज्यांना “पुस्तकात आहे म्हणजे बरोबरच” असं वाटतं, त्यांच्यासाठी असं एक उदाहरण खोक्यात मुद्दाम ठेवा.

दुसरी फेरी: क्रम. लेख दुसऱ्या गटातल्या मुलाला द्या. त्याने तो वाचायचा आणि मग कागदाकडे न बघता दोन प्रश्नांची उत्तरं सांगायची, प्रश्न लिहिणाऱ्याचे. उत्तर आलं नाही तर दोष वाचणाऱ्याचा धरायचा नाही, वाक्य दुरुस्त करायचं. प्रत्येक वाक्य ‘तो’ने सुरू होत असेल तर तेही इथेच दिसतं: कुठला ‘तो’, मासा की चिखल?

तिसरी फेरी: शुद्धलेखन. एका लेखात दोनच नियम घ्या. मी बहुधा हे घेते: शब्दाच्या शेवटचा इकार-उकार दीर्घ (‘आणि’सारखे अपवाद भिंतीवर), आणि सामान्यरूपावरचा अनेकवचनी अनुस्वार, म्हणजे ‘पक्ष्याना’ नव्हे, ‘पक्ष्यांना’. बाकीच्या चुका यावेळी सोडून द्या. सगळ्या चुकांभोवती लाल गोल काढले की मूल पुढच्या वेळी ज्यांचं शुद्धलेखन येतं तेवढेच शब्द वापरतं, आणि असे शब्द फार थोडे असतात.

## टप्पा ८: पक्का लेख आणि खरा वाचक

पक्का लेख ए-फोर कागदाच्या एका बाजूला मावेल एवढाच. शीर्षक, दोन-तीन उपशीर्षकं, एक नावं दिलेलं चित्र, खाली ‘मला हे कुठून कळलं’ अशी दोन ओळींची नोंद. आई, मावशी, पंपवाले काका यांचा उल्लेख त्या नोंदीत यायलाच हवा.

वाचक कोण हे आधी ठरलेलं असावं. तिसरीचा वर्ग हा सर्वांत चांगला वाचक, कारण कळलं नाही तर ती मुलं तोंडावर सांगतात. पालकसभेच्या दिवशी कागद भिंतीवर लावले तर उंची मुलांच्या डोळ्यांची ठेवा.

गुण द्यायचेच असतील तर चार गोष्टींना द्या: प्रत्येक वाक्याला आधार आहे का, उपशीर्षकाखाली तेच आहे का, स्वतः पाहिलेलं निदान एक आहे का, वाचकाला कळलं का. अक्षराला गुण नाहीत. सुंदर अक्षराच्या नकलेला पहिला नंबर मिळाला की तीन आठवड्यांची मेहनत एका दुपारी वाया जाते. हे मी एकदा केलेलं आहे.

## वेळ कमी पडला तर

चाचणी, सहल, स्नेहसंमेलन यांत तास जातातच. कापायचं असेल तर टप्पा ८ कापा, कच्चा लेखच भिंतीवर लावा. टप्पा १ दुसऱ्या वेळी एका तासात होतो. टप्पा ४ आणि ५ मात्र दोन दिवसांच्या आत लागोपाठ घ्या. मध्ये शनिवार-रविवार आला तर कार्डावरच्या सहा शब्दांचा अर्थ मुलं विसरतात आणि सोमवारी पुन्हा पुस्तक मागतात.

‘उरलेली’ पाकिटं फेकू नका. पुढच्या विषयाच्या पहिल्या तासाला तीच उघडायची, कारण ‘मला विचारायचंय’चा रकाना त्यातूनच भरायला लागतो. सध्या आमच्या पाकिटात सगळ्यात वर एक कार्ड आहे, मागे काहीच खूण नसलेलं: “निवटी – भरती – बिळात पाणी – मग श्वास?”